इलियास परकारांचा दमलेला माणूस

मनामाच्या बाजारात, सोनारांच्या दुकानांच्या पाठच्या अंगाला असलेल्या एका अरुंद गल्लीत, इलियास परकार यांनी आपल्या उमेदीची वर्षं दोन आज्ञा देण्यात घालवली. पहिली आज्ञा 'हसू नका' अशी होती. ती व्हिसा, पासपोर्ट आणि रेसिडेंट कार्ड यांच्या फोटोंसाठी. दुसरी 'जरा हसा' अशी होती. ती घरी पाठवायच्या फोटोंसाठी. सरकारला गंभीर माणूस हवा असतो आणि घरच्यांना सुखी, एवढं समाजशास्त्र फोटो स्टुडिओत काम करणाऱ्याला पुरतं, आणि परकारांना ते बरीच वर्षं पुरलं. कधीकधी एकच गिऱ्हाईक एकाच बैठकीत दोन्ही प्रकारचे फोटो काढून घेई. अशा वेळी दिव्यांच्या मधोमध स्टुलावर बसलेला कुणी गवंडी किंवा ड्रायव्हर एका क्षणी कैद्यासारखा दिसे आणि दुसऱ्या क्षणी नवरदेवासारखा, आणि या दोन अवस्थांच्या मध्ये परकारांच्या आवाजाखेरीज काहीही आलेलं नसे.

दाभोळच्या खाडीकाठचं गाव सोडून ते १९७४ साली बहरीनला आले, तेव्हा स्टुडिओत मालकाने घरच्या फोटोंसाठी काही सामान आधीच जमवून ठेवलेलं होतं. त्यात एक चालत नसलेलं मनगटी घड्याळ होतं, तार कुठेही न गेलेला एक टेलिफोन होता, आणि एकाच मापाचा एक निळा कोट होता. हा कोट सगळ्यांना सैल होई, म्हणून पाठीमागून कपड्यांचे चिमटे लावून तो अंगाबरोबर केला जाई. समोरून पाहणाऱ्याला साहेब दिसे आणि मागून पाहणाऱ्याला दोरीवर वाळत घातलेलं धुणं. गावोगावच्या भिंतींवर लागलेले ते फोटो अर्थातच समोरून काढलेले होते. परकारांनाही त्यात काही गैर वाटत नसे. ऊन, घाम आणि सिमेंट यांचा फोटो घरी पाठवून कुणाचं भलं होणार होतं?

पुढे व्हिडिओ आला. मालकाने जपानी कॅमेरा मागवला; कॅमेरा खांद्यावर, रेकॉर्डर दुसऱ्या खांद्याला लटकलेला, दोन्हींच्या मध्ये जाड केबल, आणि कमरेला बॅटरी. हा सगळा संसार अंगावर चढवून परकार लग्नं, बारशी, मिलाद आणि सत्यनारायण चित्रित करू लागले. तिथे त्यांना पहिल्यांदा एक गोष्ट जाणवली: चित्र हलतं असलं तरी माणसं हलत नव्हती. कॅमेरा पंगतीसमोर आला की पाहुण्याचा घास तोंडापाशी थांबे आणि चित्रण संपेपर्यंत तो तिथेच राही. नवरीची आई रडता रडता पदर सावरून सरळ उभी राही आणि कॅमेरा पुढे सरकला की पुन्हा रडू लागे. सर्वांना हे ठाऊक होतं की कॅसेट गावाला जाणार आहे, आणि गावाला जे जाणार ते नीटनेटकं जायला हवं.

या सवयींचा परकारांना पहिल्यांदा राग आला तो १९८३च्या हिवाळ्यात. त्या दिवसांत छतावरची ॲन्टेना जरा फिरवली की समुद्रापलीकडच्या तेलकंपनीचं इंग्रजी चॅनल बहरीनमध्ये दिसत असे. एका संध्याकाळी त्यावर लांब पल्ल्याच्या धावपटूंवरचा एक माहितीपट लागला होता. शर्यतीच्या अखेरीस एक माणूस गुडघ्यांवर हात ठेवून उभा राहिला, आणि कॅमेरा त्याच्या चेहऱ्यावर थांबला. नुसता थांबला. तो माणूस खोकला, थुंकला, त्याने डोळे मिटले, उघडले; पण आपल्याकडे कुणी पाहत आहे याची त्याला शुद्धच नव्हती. त्याला कुणी हसायला सांगितलं नाही. परकार चहाचा कप हातात धरून ते पाहत राहिले आणि कप तसाच निवला.

आपण हजारो चेहरे टिपले, पण असा एकही टिपला नाही, हे त्यांच्या मनाने घेतलं. त्या रात्रीपासून त्यांना एकच गोष्ट हवी होती: एक दमलेला चेहरा, ज्याला कॅमेऱ्याची खबर नाही. तो मिळाला की बाकीचा चित्रपट त्याच्याभोवती उभा करता येईल, असा त्यांचा हिशेब होता. विषयही ठरला. सहनशक्तीचे खेळ, आणि ते खेळणारी आपली माणसं.

जमीला, त्यांची पत्नी, सलमानियाच्या मोठ्या इस्पितळात नोंदणीच्या खिडकीवर बसत असे. तिने हा बेत शांतपणे ऐकून घेतला.

"दमलेली माणसंच बघायची तर माझ्या खिडकीवर या," ती म्हणाली. "सकाळपासून रांगेत असतात. त्यांना शर्यत लावायची गरज नाही."

परकारांनी तिला खेळातला थकवा आणि रांगेतला थकवा यांतला फरक समजावून सांगितला. तो समजावताना त्यांची स्वतःचीच खात्री थोडी डळमळीत झाली, पण त्यांनी तसं दाखवलं नाही.

पहिला प्रयत्न बुदैयाच्या रस्त्यावरच्या सायकल शर्यतीचा. कोकणातली पंधरा-वीस पोरं शुक्रवारी, तिथल्या सुट्टीच्या दिवशी, सकाळी तिथे सायकली पिदडत असत. परकार एका वळणावर दबा धरून बसले. पोरं भन्नाट वेगाने आली, पहिल्याने कॅमेरा पाहिला, ब्रेक दाबला, मागच्यांनीही दाबले, आणि बघता बघता सगळी शर्यत रस्त्याच्या कडेला एका ओळीत, एकेक हात सायकलीच्या सीटवर ठेवून, छाती पुढे काढून उभी राहिली. उंचीप्रमाणे. एकाने तर परकारांनाच विचारलं, की चष्मा घालू का काढू.

दुसरा प्रयत्न मुहर्रकच्या एका म्हाताऱ्या पाणबुड्याचा होता. तरुणपणी मोत्यांसाठी बुडी मारणाऱ्या या गृहस्थाला अजूनही पुष्कळ वेळ दम रोखता येत असे. हा माणूस गावाला कॅसेट पाठवणार नव्हता, त्यामुळे तो उभा राहून हसणार नाही याची परकारांना खात्री होती. आणि तो हसला नाहीच. तो पाण्याखाली गेला. परकारांनी पाणी चित्रित केलं. पाणी फार सुंदर होतं. ते बराच वेळ सुंदर राहिलं. शेवटी बॅटरी संपली, आणि परकार ती बदलत असताना म्हातारा त्यांच्या पाठीमागे वर आला, फुस्स करून श्वास सोडला, आणि शांतपणे 'खलास?' असं विचारून कपडे घालू लागला.

अशा रीतीने खेळाडूही हातचा गेला आणि दमही, तेव्हा परकारांना गुंडू राऊळ सापडला.

गुंडू हा मालवणकडचा, आचऱ्याजवळच्या एका किनारी गावचा. जिदहफ्सच्या एका लॉन्ड्रीत तो कपड्यांना इस्त्री करत असे. त्याची ख्याती मात्र वेगळीच होती: गुंडू चालतो. जिदहफ्सहून मनामाला चालत येतो, सिनेमा पाहून चालत परत जातो. सितऱ्याला कुणाकडे जेवण असलं तरी चालत जातो आणि जेवणाच्या आधी पोहोचतो. तिथल्या मराठी मंडळातले लोक त्याच्याविषयी आदराने बोलत, आणि कुणी त्याला तपस्वी म्हणत, कुणी कंजूष. खरं कारण गुंडूने परकारांना खाजगीत सांगितलं. त्याला गाडी लागत असे. मोटार, बस, पिकअप, जे चाकावर चालेल ते. गाडीत बसून दोन वळणं झाली की त्याच्या पोटातलं सगळं वर येई. बोटीत मात्र त्याला काहीच होत नसे. म्हणूनच तो १९७८ साली मुंबईहून बोटीने बहरीनला आला, वाटेत सगळ्या उतारूंना लिंबू पुरवत. पुढे ती उतारूंची बोट बंद झाली. आता घरी जायचं तर विमान, आणि विमानापुढे मुंबईपासून मालवणपर्यंतची एस.टी. या दोन्हींच्या नुसत्या विचाराने गुंडूचा चेहरा पांढरा पडे. बोट बंद झाल्यापासून तो घरी गेला नव्हता. बायको रखमा गावाला होती. तिला तो पैसे पाठवी आणि बोललेल्या कॅसेटी पाठवी, ज्यांत तो दरवेळी सांगे की लीव्ह मिळत नाही.

परकारांना ही सगळी हकीकत ऐकताना मनातल्या मनात चित्रपट दिसत होता. त्याच सुमारास योगही जुळून आला. मराठी मंडळाने प्रजासत्ताक दिनाच्या लगतच्या शुक्रवारी चालण्याची स्पर्धा जाहीर केली: हमद टाउनपासून मनामातल्या एका शाळेच्या मैदानापर्यंत. हमद टाउन तेव्हा नुकतं वसत होतं. एकसारखी घरं, एकसारखे चौक, आणि रस्त्यातल्या एका गोलाकार बेटाला वळसा घातला की पुढे तसंच दुसरं बेट. गुंडूने नाव दिलं. परकारांनी आपल्या नात्यातले मामू अलीमियाँ यांना पिकअपसह राजी केलं. अलीमियाँ बर्फाच्या कारखान्याचा माल पोहोचवत. त्यांना चित्रपटाशी देणंघेणं नव्हतं, पण शुक्रवारी घरी बसलं की बायको पंखा पुसायला सांगते, एवढं कारण त्यांना पुरेसं होतं.

पिकअपच्या मागच्या हौद्यात बसून गुंडूच्या पुढे पुढे राहायचं, आणि कॅमेरा त्याच्या चेहऱ्यावरून हलवायचा नाही, असा परकारांचा आराखडा होता. शर्यतीच्या सकाळी ते हमद टाउनला पोहोचले तेव्हा इतर स्पर्धक मंडळाच्या बसमधून जांभया देत उतरत होते. गुंडू आधीच तिथे होता. न्हालेला, केसांना तेल लावलेला, आणि कडक इस्त्रीचा पांढरा शर्ट घातलेला. लॉन्ड्रीचा सगळा अनुभव त्या शर्टात उतरला होता.

"बसने आलास?" परकारांनी विचारलं.

"बसने कसो येतलंय?" गुंडू म्हणाला. "काल सांजेक निघालंय, चालत इलंय. हय वाचमनकडे झोपलंय."

म्हणजे शर्यतीला यायला तो जवळजवळ शर्यतीएवढंच चालला होता, तेही कुणी पाहत नसताना. परकारांनी कपाळाला हात लावला. खरा माहितीपट काल संध्याकाळी जिदहफ्सच्या रस्त्यावरून एकटाच निघून आला होता, आणि आता तेल लावून त्यांच्यासमोर उभा होता.

स्पर्धा सुरू झाली. पहिल्याच वळशाला पिकअप गुंडूच्या पुढे आली, परकारांनी कॅमेरा डोळ्याला लावला, आणि त्यात त्यांना गुंडू नाक दाबून थांबलेला दिसला.

"इलियासभाई, तुमची गाडी फुडे न्हेवा नायतर मागे ठेवा, पण माझ्या नाकाफुडे नको," तो म्हणाला. "पेट्रोलचो वास इलो तरी माका ओकारी येता."

आता दोनच मार्ग होते: चित्रण सोडायचं, किंवा गाडी सोडायची. परकारांनी गाडी सोडली. अलीमियाँना त्यांनी चहाचा थर्मास आणि जादा बॅटऱ्या घेऊन पुढच्या वळशाला थांबायला पाठवलं, आणि सगळा संसार अंगावर घेऊन ते पायी निघाले.

चालणाऱ्या माणसाला समोरून टिपायचं तर त्याच्या पुढे असावं लागतं, आणि एकदा टिपून झालं की तो पुढे निघून जातो, त्यामुळे पुन्हा त्याच्या पुढे जावं लागतं. गुंडूची चाल काही साधी नव्हती. परकार पळत पुढे जात, वळत, कॅमेरा सावरत, उलट्या पावलांनी चालत चित्रण करत, मागे पडत, आणि पुन्हा पळत सुटत. खांद्यावरचा पट्टा मानेला काचत होता, केबल पायांत येत होती, आणि वय चाळिशीच्या पुढे गेलेलं होतं. तरीही हे सगळं सार्थकी लागलं असतं, जर गुंडू दमला असता. पण कॅमेरा दिसला की गुंडू थांबून खिशातून कंगवा काढी, केसांवरून फिरवी, आणि हसत पुढे येई. एकदा तर तो चक्क हात हलवून म्हणाला, "रखमा, बरो आसंय गे मी."

परकार कळवळले. ही शर्यत आहे, हा चित्रपट लोकांना दाखवायचा आहे, थोडा तरी घाम दिसू दे, अशी त्यांनी विनवणी केली.

"घाम नको हां दाखवू," गुंडू निर्धाराने म्हणाला. "हेची एक कॅसेट गावाक जातली. रखमा बघतली. तिका वाटाक नको, मी हय उन्हात मरतंय म्हणान."

सलमाबादच्या अलीकडे अलीमियाँ रस्त्याच्या कडेला पिकअप लावून, टायरच्या सावलीत पाय पसरून बसले होते. त्यांनी गुंडूला चहा दिला. वाऱ्याच्या उलट दिशेला उभं राहून, गाडीकडे पाठ करून, गुंडूने तो आरामात बशीतून प्यायला. परकारांनी तेही चित्रित केलं, कारण चित्रित करणं थांबवलं तर आपण खाली बसू आणि बसलो तर उठणार नाही, हे त्यांना कळत होतं.

"यल्ला, इलियास, बस गाडीत," शेवटी अलीमियाँ म्हणाले. "त्याला दमवायला निघालास आणि स्वतःच मरशील. जमीलाला मी काय सांगू?"

परकारांनी मानेनेच नकार दिला. बोलण्याइतका श्वास नव्हता.

ती स्पर्धा एका पंजाबी गवंड्याने जिंकली. तो या चित्रपटात कुठेही दिसत नाही, कारण तो सबंध वेळ पुढे होता. गुंडू शेवटून दुसरा आला. वाटेत तो इतक्या वेळा केस विंचरायला थांबला होता की त्याहून वरचा क्रमांक शक्यच नव्हता. पण मैदानात शिरताना त्याच्या शर्टाची घडी तशीच होती. परकार त्याच्यानंतर काही वेळाने आले, आणि कुणीतरी त्यांनाच स्पर्धक समजून हातात संत्रं दिलं.

चित्रण पाहताना परकारांना आधी रडू कोसळायचं बाकी होतं. सगळीकडे गुंडू हसत होता. मग त्यांनी आवाज वाढवला आणि ते ताठ बसले. त्या हसऱ्या चेहऱ्यामागून धाप ऐकू येत होती. खोल, खरखरीत, मध्येच अडकणारी, ऐकणाऱ्याच्या छातीत कळ यावी अशी धाप. चेहरा हसतो आहे आणि श्वास खरं सांगतो आहे! चेहरा मिळाला नव्हता, पण त्याहून खोल काहीतरी मिळालं होतं, असं त्यांना वाटलं. लग्नाच्या कॅसेटींवर ते नेहमी गाणी चढवत; इथे एकही गाणं चढवायचं नाही, निसर्गाने दिलेला आवाज तसाच ठेवायचा, असं त्यांनी ठरवलं. दोन व्हीसीआर केबलने जोडून, एकाचं बटण दाबून आणि दुसऱ्याचं सोडून, त्यांनी कित्येक शुक्रवार संकलन केलं. चहा पिणारा गुंडूही त्यांनी ठेवला. तोंडात चहा असताना माणसाला धाप कशी लागेल, हा प्रश्न त्यांना पडला नाही. निर्मितीच्या आनंदात असे क्षुल्लक प्रश्न पडत नसतात.

गुंडूसाठी एक प्रत काढली. मंडळातले महादेव सुट्टीवर मालवणला निघाले होते, त्यांच्याबरोबर ती रखमाकडे गेली. तिथे बाजारातून टीव्ही आणि व्हीसीआर भाड्याने आणून वाडीने ती पाहायची, असं ठरलं.

इकडे मंडळाच्या वार्षिक संमेलनात चित्रपट दाखवला गेला. परकारांनी सुरुवातीला छोटंसं भाषण केलं. मानवी चेहरा हा सामाजिक दबावाखाली असतो, पण श्वास स्वतंत्र असतो, अशा आशयाचं काहीतरी ते बोलले. लोकांना ते पटलं. मग पडद्याच्या जागी ठेवलेल्या मोठ्या टीव्हीवर गुंडू चालू लागला आणि सभागृहात धाप भरून राहिली. पहिल्या रांगेतल्या बायका हळहळल्या. कुणी म्हणालं, बघा, किती सोसतोय आणि तरी हसतोय. परकार मागच्या भिंतीला टेकून उभे होते आणि त्यांना आयुष्यात पहिल्यांदा आपण फोटोवाले नाही असं वाटत होतं.

मग चहाचं दृश्य आलं. गुंडूने बशी ओठाला लावली, आवाज न करता, समाधानाने, डोळे मिटून चहा आत ओढला, आणि धाप तशीच चालू राहिली. गुंडूने घोट गिळला, धाप चालू. गुंडूने दुसरी बशी ओतली. धाप आणखी वाढली. सभागृह विचारात पडलं.

"हा गुंडूचा श्वास नाही," जमीला तिसऱ्या रांगेतून म्हणाली. ती मोठ्याने बोलली नव्हती, पण सभागृह नेमकं गप्प होतं. "हा यांचा आहे. लग्न झाल्यापासून रोज रात्री ऐकतेय मी."

पुढचा चित्रपट कुणी नीट पाहिला नाही. कॅमेऱ्यालाच लावलेला मायक्रोफोन, आणि त्याच्यापासून वीतभर अंतरावर परकारांचं तोंड, ही गोष्ट एकाने दुसऱ्याला समजावून सांगितली आणि हसण्याच्या लाटा मागच्या भिंतीपर्यंत येऊन परकारांवर आदळल्या. अलीमियाँ तर खुर्चीवरून खाली बसले. सगळ्यात मनापासून गुंडू हसत होता. त्याच्या दृष्टीने चित्रपट निर्दोष होता: त्यात तो कुठेही दमलेला नव्हता, आणि आता तसं अधिकृतपणे सिद्धही झालं होतं.

पण मालवणच्या वाडीत जमीला नव्हती. महिन्याभराने रखमाची बोललेली कॅसेट आली. गुंडूने ती लॉन्ड्रीतल्या टेपवर लावली आणि ऐकून झाल्यावर तशीच उचलून परकारांकडे आणली. स्टुडिओत, त्या न वाजणाऱ्या टेलिफोनशेजारी बसून, दोघांनी ती ऐकली.

"हसान दाखवल्यात ता बरा केल्यात," रखमा सावकाश बोलत होती. मागे कोंबड्यांचा आवाज होता. "लोकांका कळूक नाय, माका कळला. तुमचो श्वास आयकलंय मी. चाय पितानासुद्दा धाप लागता तुमका. ता काम आता पुरे झाला. घराक येवा."

गुंडूने तातडीने उलट कॅसेट भरली. तो श्वास आपला नसून इलियासभाईंचा आहे, असं त्याने सविस्तर सांगितलं. साक्षीदार म्हणून परकारांनीही दोन वाक्यं बोलून दिली. उत्तर त्याहून तातडीने आलं. दुसऱ्याचो श्वास तुमच्या तोंडात कसो येतलो, माका येडी समाजलात, असं रखमाने विचारलं होतं, आणि ज्या मित्राला हे खोटं बोलायला लावलंत त्याचाच आवाज किती ठणठणीत आहे, हेही तिच्या कानांतून सुटलं नव्हतं. पुढे कॅसेट बराच वेळ नुसती फिरत राहिली, आणि त्यात फक्त कोंबड्या होत्या.

त्या कोंबड्यांनी काम केलं. गुंडूने लीव्ह मागितली, आणि ती मागताच मिळाली, त्यामुळे त्याला शेवटची आशाही उरली नाही. १९८६च्या मार्चमधलं तिकीट काढलं गेलं.

परकारांना अपराधी वाटायला हवं होतं आणि तसं वाटतही होतं. पण त्या अपराधी भावनेखाली जुनी इच्छा पुन्हा हलू लागली होती. विमानात बसायला निघालेला गुंडू! यापेक्षा मोठी सहनशक्तीची परीक्षा बहरीनमध्ये झाली नसेल, आणि या वेळी कॅसेट गावाला जायची नव्हती, गुंडूच जाणार होता. घाम लपवायचं कारणच उरलं नव्हतं. त्यांनी बरोबर यायची परवानगी मागितली. गुंडू कसलीच परवानगी नाकारण्याच्या अवस्थेत नव्हता.

निघायच्या दिवशी दुपार कलल्यावर तो अर्थातच चालत विमानतळाकडे निघाला. त्याची बॅग अलीमियाँच्या पिकअपमधून पुढे गेली होती. मनामा मागे पडलं, मुहर्रकला जाणारा समुद्रावरचा रस्ता लागला, दोन्ही बाजूंना ओहोटीचं पाणी. परकार या वेळी पुढे पळाले नाहीत. तो शेजारून चालत होता आणि ते कॅमेरा पोटाशी धरून नुसते बरोबर राहिले. गुंडूचा कंगवा वरच्या खिशात होता, पण त्याने त्याला हात लावला नाही.

विमानतळाच्या दारापाशी अलीमियाँ बॅग घेऊन उभे होते. गुंडू तिथे पोहोचला आणि त्याच क्षणी डोक्यावरून, अगदी खालून, एक विमान उडून गेलं. गुंडूने मान वर केली. परकारांनी कॅमेरा डोळ्याला लावला.

त्या एवढ्याशा काळ्यापांढऱ्या काचेत त्यांना हवा होता तो चेहरा होता. कपाळावर तेल नव्हतं, घाम होता. तोंड किंचित उघडं, नजर दूर जाणाऱ्या विमानावर, आणि त्या नजरेत बोट बंद झाल्यापासूनची सगळी वर्षं. आपल्याकडे कुणी पाहत आहे याची गुंडूला शुद्धच नव्हती. परकारांनी श्वास रोखला. तेवढं ते आता शिकले होते. चेहरा तसाच राहिला. आणखी राहिला. मग त्या चेहऱ्याचा खालचा ओठ जरासा थरथरला.

"जरा हस रे, गुंडू," परकार म्हणाले.

गुंडू दचकला, कॅमेऱ्याकडे पाहिलं, कंगवा काढला आणि हसला. मग बॅग उचलून आत गेला.

अलीमियाँनी दार बंद होईपर्यंत वाट पाहिली. "का बोललास?" त्यांनी विचारलं. परकार म्हणाले, सवय. अलीमियाँनी पिकअप सुरू केली.

गुंडू पोहोचला, एस.टी.सकट पोहोचला, आणि पुढे मुंबईहून बोट सुरू होईपर्यंत येणार नाही असं त्याने कळवलं. ती बोट काही सुरू झाली नाही. परकारांनी त्यानंतर सहनशक्तीच्या खेळांवर चित्रपट काढायचं बोलणं काढलं नाही. लग्नं, मिलाद आणि सत्यनारायण चालू राहिले. मात्र घरी कुणी जाणकार पाहुणा आला, की ते ती विमानतळाची कॅसेट काढत, आणि आपला आवाज येण्याच्या अगदी आधी, त्या वर पाहणाऱ्या चेहऱ्यावर, व्हीसीआर थांबवत. थांबवलेलं चित्र बारीक कापत राही. पाहुणा मान हलवी, परकार प्रकाश, चेहरा आणि काळ यांवर बोलू लागत. पण तो व्हीसीआर चित्र फार वेळ धरून ठेवत नसे. टेप झिजू नये म्हणून तो आपणच बटण सोडून देई. परकारांचं बोलणं रंगात आलेलं असतानाच टीव्हीतून त्यांचाच आवाज येई, 'जरा हस रे, गुंडू', आणि खोलीत बसलेली सगळी माणसं, चहा घेऊन आलेल्या जमीलासकट, आपोआप हसत.